‘ताई’ म्हणायचं नाही

सहा आठवडे झाले. नॉटिंगहॅममधल्या आमच्या हॉस्पिटलच्या कार पार्कमध्ये होते, तेव्हा हेलनचा फोन आला. “आज सकाळी प्रासित उठलाच नाही...” माझा शेजारी, तिचा नवरा. उठला नाही म्हणजे काय? मला आधी रागच आला.

प्रासित थाई दिग्दर्शक. हत्ती, तलवारी, जुन्या राजांच्या लढाया हाच त्याचा सिनेमा. हेलनशी लग्न करून इथे आला, तरी लढाया सुटल्या नाहीत. शेवटच्या सिनेमाची एक लढाई त्याने गावाबाहेरच्या शेतात शूट केली. लढायला लंडनचे थाई स्टंटवाले आणि मढी म्हणून आमचं महाराष्ट्र मंडळ! मिल्टन कीन्सचे आयटीवाले निमूट चिखलात पडले होते. ऐन रणधुमाळीत मंडळाचा मंदार मला हाक मारून ओरडला, “ताई, डबे कुठे ठेवू?” आणि उभे होते ते सगळे थाई वीर धाडकन आडवे. थाईत ‘ताइ’ म्हणजे ‘मर’; त्यांना वाटलं, दिग्दर्शकाचाच हुकूम. प्रासितची हसून पुरेवाट झाली. “आजपासून तू ताई नाहीस,” म्हणाला. मग मी अक्का झाले.

त्याच दिवशी त्याची एक सवय कळली. मेलेला प्रत्येक जण उठून उभा राहीपर्यंत तो कॅमेरा बंद करायचा नाही. पूर्वी एका लढाईनंतर त्याचा एक स्टंटवाला उठलाच नव्हता... तेव्हापासून. मी भूल देणारी डॉक्टर. म्हटलं, अरे बाबा, माणसं आडवी करायची नि उठवायची, माझंही कामच ते.

“उठवताना काय म्हणतेस?”

“उठा!”

शब्द त्याने लगेच उचलला.

पुढे हृदयाचं ऑपरेशन ठरलं, तर एडिटिंगचं निमित्त करून टाळायला लागला. राजेच्या राजे पाडणारा गडी सुईला घाबरायचा! मी चांगला झाडला. “उठवायला तू हवीस, अक्का,” म्हणाला. ओळखीच्या माणसाला मी भूल देत नाही, पण शुद्धीवर येताना उशाशी उभी होते. “उठा, डायरेक्टर!” त्याने डोळे उघडले. पुढच्या दोन वर्षांत सिनेमा पुरा केला. ती दोन वर्षं आम्ही भांडून मिळवली. त्याची मला खंत नाही, अभिमान आहे.

गेल्या रविवारी हेलनने त्याची एडिटिंगची खोली उघडली. मेलेले उठतानाचे सगळे तुकडे त्याने जपून ठेवलेत. आम्ही त्या शेतातला शेवटचा लावला. मंदार उठला, आयटीवाले उठले, वीर उठले. कोपऱ्यातलं एक मढं तेवढं हलेना. मढी कमी पडली म्हणून त्या टेकला तो स्वतःच आडवा झाला होता. माझ्या तोंडून मोठ्याने निघालं, “उठा!”

प्रासित गुडघे झटकत उठला.