स्वयंपाकाची पाळी

प्रकाशदादा गेला हे मला आमच्या मंडळाच्या अध्यक्षांनी फोनवर सांगितलं आणि लगेच विचारलं, ‘‘त्याची ती कॅसेट कुणाकडे आहे रे?’’ हृदयविकारानं माणूस जातो, त्यात संशयाला जागा नाही. संशय आला तो या दुसऱ्या वाक्याचा… तो अजून गेलेला नाही.

दादा दुबईत एका कंपनीत ड्राफ्ट्समन. शुक्रवारच्या सुट्टीत मंडळाचा गणपती, लोकांची बारशी, साखरपुडे कॅमेऱ्यावर घ्यायचा. मी इथेच वाढलेला, पुण्यात शिकताना जातीविरोधी पत्रकं लिहू लागलेला. सुट्टीत दुबईला आलो, तेव्हा माझं पत्रक वाचून त्यानं परत दिलं. ‘‘व्यवस्था, व्यवस्था काय लावलंयस? ती राहते कुठल्या खोलीत, ते दाखव ना!’’ आणि खरंच मला देरा या जुन्या वस्तीतल्या एका खोलीत घेऊन गेला.

तिथे कोकणातले कामगार दाटीवाटीनं राहायचे. नवा माणूस आला की आधी आडनाव, मग गाव, मग हळूच, ‘‘वाडी कुठली?’’ वाडीवरून जात कळायची. संतोषनं वाडी सांगितली आणि स्वयंपाकाच्या पाळीतून बाहेर पडला. ‘‘तू नवीन आहेस, भांडी घास.’’ वर्षं गेली, संतोष नवीनच! आणि हा संतोष हॉटेलात कूक. त्याच्या हातची दाल हेच लोक तिथे बोटं चाटून खायचे. दादाचा माहितीपट, म्हणजे ती कॅसेट, यावरच होता. खोलीतले वडीलधारे वसंतराव कॅमेऱ्यासमोर ऐटीत म्हणाले, ‘‘जातपात इथे नाही हो. पोरगा हॉटेलात दमतो, म्हणून आम्हीच रांधतो.’’

दुबईच्या ऊद मेथा भागात मंडळानं घेतलेल्या शोकसभेत दादा ‘आपला हसतमुख व्हिडिओवाला’ झाला. माहितीपटाबद्दल चकार शब्द नाही. चहाच्या वेळी अध्यक्षांचा हात माझ्या खांद्यावर आला. ‘‘हबीबी, आपण इथे पाहुणे. कॅसेट मंडळाकडे दे, जपून ठेवू.’’ जपून! मी हात बाजूला केला. कॅसेट माझ्याकडेच होती, पण लावायचा हक्क माझा नव्हता. एका दुपारी, खोलीत कुणी नसताना, संतोषनं तिथल्याच शेगडीवर आमटी केली होती आणि दादानं ती टिपली होती. कळलं तर संतोषची जागा जाणार. त्याच्या होकाराशिवाय कुणाला दाखवणार नाही, असा दादाचा शब्द होता.

मी संतोषला विचारलं. तो म्हणाला, ‘‘लाव. पण आधी आमच्या खोलीत.’’

शुक्रवारी जेवणं झाल्यावर लावली. वसंतराव टीव्हीवर बोलताना दिसले, सगळे खूश. मग शेगडी, फोडणी, संतोष. हसणं थांबलं.

‘‘पातेलं… आपलंच ना ते?’’ वसंतरावांनी विचारलं. त्यातलीच आमटी नुकती सगळ्यांच्या पोटात गेली होती. टीव्हीतून दादाचाच आवाज आला, ‘‘मीठ जास्त झालंय रे, संतोष. वाढ अजून.’’

संतोषला जागा सोडायला सांगितलं. ‘गैरसोय होते’ म्हणून. जातीचं नाव कुणी काढलं नाही. असली माणसं कधीच काढत नाहीत. दादाची खोली आता त्यानं घेतलीय. दादाचा कॅमेरा तिथे शेगडीकडे तोंड करून उभा आहे. फोडणी घालताना तेल उडू नये म्हणून संतोष त्यावर फडकं टाकतो. ताटं वाढली, की काढतो.