फिदेन्सियोमामाने न ऐकलेलं गाणं

मेक्सिको सिटीलगतच्या आमच्या नेसामध्ये फिदेन्सियोमामाला पंक्चरवाला म्हणून सगळे ओळखतात. 'तोल्वानेरा'चा पहिला गायक तो होता, असं सांगितलं की नवी पोरं हसतात. तोल्वानेरा म्हणजे धुळीची वावटळ. आमच्या वस्तीतल्या पोरांनी तेच नाव आपल्या रॉक बँडला दिलं. त्यांची गाणी इथे लग्नात वाजतात, मयतालाही.

सुरुवातीला ते इंग्रजी गायचे. मामाला त्यातलं अक्षरही कळत नव्हतं. तबकड्या ऐकून त्याने शब्द घोटले होते. मग गिटार वाजवणाऱ्या नाबोरने आपल्या स्पॅनिशमध्ये गाणं लिहिलं, पाण्याच्या टँकरमागे बादल्या घेऊन धावणाऱ्या बायांचं. ते वाचायच्या आधीच मामा म्हणाला, "आपल्या भाषेत रॉक? त्यापेक्षा मी चौकात गरमागरम तमाले विकत ओरडतो!" आणि बँड सोडून निघून आला. नाबोरने ते स्वतः गायलं. त्या गाण्याने बँड देशभर पोचला.

दुकानातल्या रेडिओवर ते लागलं की मामा लगेच बटण फिरवायचा. बेनितामामी म्हणायची, "गाणं लागलंय रे, हप्तेवाला नाही आला!"

गेल्या हिवाळ्यात नाबोर दुकानात आला. केस पांढरे, हातात काठी.

"फिदे, शेवटचा कार्यक्रम आहे, इथल्याच मैदानात. बादल्यांचं गाणं तू म्हण."

"मी पंक्चर काढतोय, दिसत नाही?"

"अरे ढोल्या, तुझ्या आईवर लिहिलं होतं ते. सगळ्यांत पुढे तीच धावायची."

मामाच्या हातातली ट्यूब तशीच राहिली. "माझी आई? कुठे आहे त्यात?"

"दुसऱ्या कडव्यात. तू कधी ऐकलंच नाहीस?"

"म्हातारीला ठाऊक होतं," मामी हळूच म्हणाली. "शेजारी जाऊन ऐकायची. तुला वाईट वाटेल म्हणून घरात बोलली नाही."

आजीला जाऊन बरीच वर्षं झाली होती. मामा पाठ वळवून चाकाशी खुडबुड करत राहिला. नाबोर निघाला तेव्हा मामा एवढंच म्हणाला, "कार्यक्रमाला येतो मी. तिच्यासाठी एकदा म्हणतो."

आठवडाभर मी त्याला शब्द सांगत होते. गाडीखाली पडून तो ते पुटपुटायचा. आईच्या ओळीपाशी दरवेळी थांबायचा, मग पुन्हा पहिल्यापासून.

कार्यक्रमाला मैदान गच्च भरलं होतं. इस्त्रीचा शर्ट घालून मामा माइकपाशी उभा राहिला. गिटारचे पहिले सूर लागले, आणि त्याने तोंड उघडण्याआधीच सगळं मैदान गायला लागलं. दुसरं कडवं आलं. आजीची ओली चप्पल, तिची तुटकी बादली, सगळं त्या हजारो लोकांना पाठ होतं. मामाचे ओठ हलताना दिसत होते. नाबोरने वाजवता वाजवता त्याला कोपराने ढोसलं. मामाने माइक आणखी जवळ ओढला. मैदानाचा आवाज मात्र चढतच गेला.

घरी परतताना मामी म्हणाली, "लोकांनी तुझं काही ऐकूच येऊ दिलं नाही रे."

"मलाही नाही आलं," मामा म्हणाला.