त्याचं अमेरिकन नाव

शिकागोत डेव्हन ॲव्हेन्यूच्या मागच्या गल्लीत, एका लाँड्रीच्या वर आमची एडिटिंग रूम होती. इटलीहून आलेले सिनेमे अमेरिकन टीव्हीसाठी आखूड करायचे आणि त्यांना इंग्रजी टायटलं जोडायची, एवढंच आमचं काम. मी पुण्यात एडिटिंग शिकून नवऱ्यामागे इकडे आलेली. शिकले पुरणपोळी आणि हाती आली शिळी पोळी कुस्करायला. ऐंशीच्या दशकात तेवढं तरी मिळालं म्हणून ओळखीच्या काकू मला नशीबवान म्हणायच्या. मला त्यांचा रागच यायचा.

शेजारच्या टेबलावर एक म्हातारा इटालियन बसायचा. रोममध्ये त्याने जन्मभर सिनेमे कापले होते. मरण्याआधी इथे एक तरी खरा सिनेमा कापायचा, हा त्याचा ध्यास. पण एडिटरांच्या युनियनच्या कार्डाशिवाय स्टुडिओत कोणी उभं करत नव्हतं, आणि कार्डासाठी पडद्यावर आपलं नाव असलेला सिनेमा दाखवावा लागे. इथेच घोडं पेंड खायचं. त्याच्या काळी तिकडचे निर्माते सिनेमा अमेरिकन वाटावा म्हणून टायटलांत सगळ्यांना खोटी अमेरिकन नावं देत. यालाही एक मिळालं होतं. तेव्हा म्हणे त्याने गंमत म्हणून मित्रांना वाइन पाजली होती. आता पासपोर्टवर एक माणूस होता आणि सिनेमांवर दुसराच.

एका सोमवारी त्याचा अगदी सुरुवातीचा सिनेमा आमच्याकडे आला. टायटलांत त्याचं खरं नाव होतं. त्याने मशीन थांबवलं, मला हाक मारली आणि नावावर बोट ठेवलं.

मालक तसा वाईट नव्हता. नवी इंग्रजी टायटलं न्यूयॉर्कहून यायची होती; त्याने तिथे फोन करून नाव कळवलं. म्हाताऱ्याला धीर कुठला! टाय लावून, फिल्मचा तो तुकडा घेऊन तो युनियनमध्ये गेला. तिथल्या बाईने तुकडा उजेडात धरून पाहिला आणि सांगितलं, असा तुकडा चालत नाही, सिनेमा इथे दाखवतील त्यात नाव हवं. त्याने तुकडा परत जागच्या जागी जोडला. म्हणजे सगळी भिस्त न्यूयॉर्कवर. त्या आठवड्यात मी संकष्टी धरली. एका इटालियनच्या कार्डासाठी मी उपाशी आहे, हे नवऱ्यालाही सांगितलं नाही.

गुरुवारी टायटलं आली. एडिटरच्या जागी अमेरिकन नाव होतं. न्यूयॉर्कमधल्या कोणा शहाण्याने त्याचे बाकीचे सिनेमे पाहून आमची चूक दुरुस्त केली होती.

परत पाठवू या, म्हणून मी मालकाशी भांडले. सिनेमा शनिवारी लागणार होता. नवी टायटलं करायला वेळ नव्हता, त्याने हात वर केले. मग मी ठरवलं, निदान हे पाप म्हाताऱ्याच्या हातून नको, आणि रीळ माझ्या टेबलावर घेतलं. तो उठून आला.

"दे इकडे," तो म्हणाला. "दुसऱ्या कोणी लावलं तर सांधा दिसेल."

त्याने स्वतःचं नाव कापून काढलं, दुसरं लावलं, एकदा चालवून पाहिलं आणि कोट घालून घरी गेला.

शनिवारी मी तो सिनेमा टीव्हीवर लावला. नवऱ्याने विचारलं, तुमच्या म्हाताऱ्याचं नाव कधी येतं? तेवढ्यात ते अमेरिकन नाव येऊन गेलं. सांधा कुठेच दिसला नाही.

"नाही येत," मी म्हटलं, आणि मला रडू आवरेना.