शेवटच्या मिनिटातला शिपाई

हाइनर लोबेक या जर्मन नटावर अन्याय झाला. मंगळवारी, दुपारी सव्वातीन वाजता, सिंगापूरच्या जुरोंग ईस्टमधल्या आमच्या ऑफिसात. करणारी मी.

मी एका स्ट्रीमिंग कंपनीत QC करते. म्हणजे मालिका लोकांसमोर जाण्याआधीची शेवटची तपासणी. एपिसोडच्या शेवटी कलाकार-तंत्रज्ञांची नावं सुरू होतात तिथे 'मार्कर' लावायचा, म्हणजे एक खूण करायची. प्रेक्षक खुणेपाशी पोचला की पुढचा एपिसोड आपोआप सुरू होतो. नावं गेली खड्ड्यात. आमच्या धंद्यात त्यांना 'रिकामी जागा' समजतात. राबलेल्या माणसांची नावं, आणि रिकामी जागा!

एक जुनी जर्मन पोलीस मालिका शुक्रवारी आशियाभर येणार होती. दोनशेच्या वर एपिसोड. मी छोटा प्रोग्राम चालवला, एका क्लिकमध्ये सगळीकडे मार्कर. काम फत्ते.

बुधवारी लोबेक यांच्याशी व्हिडिओ कॉल होता. वय ऐंशीच्या पुढे. विशीत नाटकं, मग सिनेमांत दुय्यम कामं, टीव्हीवर खलनायक, आणि पुढे जवळजवळ चाळीस वर्षं या मालिकेतला पोलीस ठाण्याचा शिपाई. आशियातल्या प्रेक्षकांसाठी त्यांनी दोन वाक्यं बोलायची होती. पण आम्ही पाठवलेला नमुना एपिसोड त्यांनी पाहिला होता.

"बाई," ते इंग्रजीत सावकाश म्हणाले, "चाळीस वर्षांत मला एकाही डायरेक्टरने काढलं नाही. तुम्ही एका दुपारी काढलंत. मी फार म्हातारा दिसतो का?"

मला काही कळेना. कॉल संपल्यावर मी एक एपिसोड अगदी शेवटपर्यंत पाहिला. नोकरीत पहिल्यांदाच. या मालिकेची रीत अशी : गुन्हेगार सापडतो, सगळे घरी जातात, नावं सरकू लागतात आणि त्या नावांमागे शिपाई जिना चढून येतो. कुंडीला पाणी घालतो, फळा पुसतो, साहेबांच्या खुर्चीत क्षणभर बसून घेतो. लोबेक यांची भूमिका एवढीच, एक मिनिटाची. नेमक्या त्याच मिनिटाच्या तोंडाशी माझा मार्कर.

मी मॅनेजर सिरीनकडे गेले. ती इथलीच, चोआ चू कांग भागातली.

"रूल इज रूल लाह," ती इथल्या इंग्रजीच्या ढंगात म्हणाली. "नावं सुरू, मार्कर सुरू. नावं बघतं कोण?"

"मी बघितली. आता तू बघ."

"मीटिंग आहे माझी."

"चार मिनिटं. मग जा."

मी वेगवेगळ्या काळातले चार शेवट लागोपाठ लावले. पहिल्यात शिपाई दोन-दोन पायऱ्या टाकत जिना चढतो. दुसऱ्यात चष्मा लागलेला. तिसऱ्यात केस पांढरे. चौथ्यात तो जिन्याच्या मध्यावर थांबतो, कठडा धरतो, दम खातो आणि मग चढतो. तिथे अभिनय किती आणि गुडघे किती, सांगता येत नाही.

सिरीन बसून राहिली. मीटिंगचा फोन वाजला, तिने कापला.

"शुक्रवारच्या आत होईल?"

"प्रोग्रामने नाही होणार. प्रत्येक शेवट वेगळा आहे. हाताने करावं लागेल."

"मग यू डू योरसेल्फ लाह. चूक तुझी," ती म्हणाली. आणि साठ एपिसोड स्वतःकडे ओढून घेतले.

गुरुवारी संध्याकाळी शेवटचा मार्कर शिपायाच्या मिनिटापलीकडे सरकला. दुरुस्त एपिसोड लोबेक यांना पाठवला. तासाभरात त्यांची दोन वाक्यं रेकॉर्ड होऊन आली, सोबत एक ओळ : "पुन्हा कामावर घेतल्याबद्दल आभार."

मालिका ठरल्या दिवशी लागली. धडा साधा आहे : शेवट कुठे होतो हे ठरवणाऱ्याने तो आधी पाहिलेला असावा.

माझा मार्कर मी हलवला. 'नेक्स्ट'चं बटण मात्र तुमच्या हातात आहे. आज जे काही बघाल, त्यातलं शेवटचं नाव जाईपर्यंत ते दाबू नका.