लिब्रादोने न लिहिलेलं नाव

अमेरिकेच्या मेक्सिको सीमेवरच्या ब्राउन्सव्हिल गावात असं एकही दुकान नव्हतं, ज्याच्या कपाळावर लिब्रादो कावासोसचा हात फिरलेला नव्हता. खाटकाच्या दारावरची लाल अक्षरं त्याची, न्हाव्याच्या काचेवरची सोनेरी अक्षरं त्याची, मक्याच्या भाकऱ्या विकणाऱ्या बायकांच्या गाड्यांवरची फुलंपानंही त्याचीच. माणूस बोलायला तुसडा, पण अक्षर असं की शेजारच्या दुकानदाराला हेवा वाटावा. एवढं सगळं गाव ज्याने रंगवलं, त्याने एक नाव लिहायचं टाळलं. त्या एका नावाने त्याचं म्हातारपण खाल्लं, आणि खरं सांगायचं तर दोष सगळा त्याचाच होता.

पाट्या रंगवण्याआधी तो गुराखी होता, पालो आल्तोच्या माळावर. गावाबाहेरचा हा माळ म्हणजे कमरेएवढं ताठ, टोकदार गवत, निवडुंगाची बेटं आणि मध्ये मध्ये बाभळीसारखं काटेरी मेस्कीट. शाळेतल्या पोरांनाही ठाऊक आहे की मेक्सिको आणि अमेरिका यांच्यातल्या युद्धाची पहिली मोठी लढाई १८४६ साली याच गवतात झाली. मे महिन्यातली दुपार होती, तोफांनी गवत पेटलं आणि धुरात दोन्ही सैन्यांना एकमेकांची तोंडं दिसेनात. जखमी जागच्या जागी होरपळले, असं आमचे म्हातारे सांगायचे. मेक्सिकोची माणसं जास्त मेली आणि तिथेच कुठेतरी पुरली गेली. पण लिब्रादोच्या तरुणपणी त्या माळाला कोणी रणभूमी म्हणत नव्हतं. तो गुरांचा माळ होता.

एकोणीसशे पन्नासच्या दशकातला तो दुष्काळ. गवत करपलं, गुरांची हाडं दिसायला लागली. अशा वेळी आमच्याकडे निवडुंगावर आग धरून काटे जाळतात आणि ती पानं गुरांना घालतात. लिब्रादो आणि त्याचा जिवलग आन्सेल्मो त्रेविन्यो दिवसभर तेच करत होते. वारा फिरला आणि वाळकं गवत पेटलं. लिब्रादो पाण्याच्या डबक्याकडे पळाला. आन्सेल्मो झाडाला बांधलेला घोडा सोडवायला मागे वळला. घोडा सुटला, आन्सेल्मो काही आला नाही.

माणूस जिथे मरतो तिथे क्रॉस रोवायचा, ही आमची जुनी रीत. दफनभूमीतली कबर देहाची. हा क्रॉस जीव जिथून गेला त्या जागेचा. तो ज्याने द्यायचा तो त्या घराचा कोम्पाद्रे होतो, घरची बाई त्याची कोमाद्रे, आणि हे नातं सख्ख्या भावापेक्षा अवघड. भावाशी भांडता येतं, कोम्पाद्रेला मरेपर्यंत 'तुम्ही' म्हणावं लागतं. आन्सेल्मोच्या तरुण विधवेने, चोनाने, क्रॉस लिब्रादोला मागितला. तो चांगलं अक्षर काढतो हे तेव्हाही सगळ्यांना माहीत होतं.

त्याने मेस्कीटचं लाकूड तोडलं, तासलं, जागेवर नेऊन रोवलं. लाकूड ओलं होतं, ओल्यावर रंग धरत नाही. "वाळलं की नाव घालतो, कोमाद्रे," तो म्हणाला. चोनाने मान हलवली.

मग नवव्या दिवसाची प्रार्थना झाली. जेवायला कणसाच्या सालीत वाफवलेले मक्याच्या पिठाचे तमाले होते, घर माणसांनी भरलेलं होतं. चोना नऊ रात्री झोपलेली नव्हती. लिब्रादोपुढे ताट ठेवताना ती सगळ्यांदेखत म्हणाली, "त्या धुरातून तुम्ही एकटेच बरे बाहेर आलात, कोम्पाद्रे."

लिब्रादोने ताट बाजूला सारलं, हॅट उचलली आणि निघाला.

दुःखात माणूस काय बोलतो त्याचा हिशोब ठेवायचा नसतो. पण लिब्रादोने ठेवला. तिने येऊन मागावं, मग नाव लिहीन, असं मनाशी ठरवून बसला. चोनाही काही कमी नव्हती. ती मागायला गेली नाही. दुसऱ्या कोणाकडून लिहून घेणंही तिला जमेना, कारण तसं केलं की कोम्पाद्रेपण मोडलं, आणि ते मोडण्याची सोय आमच्याकडे नाही. लाकूड केव्हाच वाळलं. दोघं एकाच गल्लीत राहत होते. रविवारी चर्चमध्ये एकाच बाकाच्या दोन टोकांना बसत होते. तोंडात मात्र दोघांनी मिठाची गुळणी धरलेली.

लिब्रादोची बायको तोमासा वैतागून म्हणायची, "अहो, जाऊन चार अक्षरं काढून या की. रंगाचा डबा काय तुम्हाला चावतो?"

"तिने मागू दे."

"ती मागेल आणि तुम्ही द्याल. तोवर आम्ही सगळे मरून जाऊ!"

वर्षं गेली. मग एकदा मोठ्या शहरातून शिकलेली माणसं आली, मोजमापं झाली, आणि गुरांच्या माळाला कुंपण पडलं. रणभूमी जपायची ठरली. झुडपं साफ करताना मेस्कीटचा एक क्रॉस सापडला, काळा पडलेला, नाव नसलेला. गावात बातमी पसरली की आपल्या लोकांनी त्या काळी शिपायांसाठी गुपचूप रोवलेला क्रॉस मिळाला. मेस्कीटचं लाकूड एवढी वर्षं टिकत नाही आणि आन्सेल्मो नेमका कुठे मेला, हे माहीत असलेली गुराखी माणसं एव्हाना मरून गेली होती, आणि उरलेल्यांना ही गोष्ट खरीच हवी होती. इतकी वर्षं आमच्या मेलेल्यांसाठी त्या माळावर एक दगडही नव्हता. लोकांनी तो क्रॉस उराशी धरला, यात त्यांचं काय चुकलं?

न्हावी फिदेन्स्यो लिब्रादोच्या रंगकामाच्या दुकानात आला. लोकांनी मिळून एक समिती केली होती, आणि कुठलीही समिती झाली की फिदेन्स्यो तिच्यात असायचाच.

"एक पाटी हवीय, क्रॉसपाशी लावायला. 'मेक्सिकोच्या अनाम शिपायांना', एवढंच. तुझ्याच हातची पाहिजे."

लिब्रादोच्या हातातला ब्रश थांबला. "तिथं शिपाईच आहे कशावरून?"

"मग काय तुझा आजा आहे?" फिदेन्स्यो म्हणाला, आणि दुकानात बसलेले सगळे हसले.

तेव्हा सांगता आलं असतं. एक वाक्य पुरलं असतं. पण मग पुढचा प्रश्न आला असता, की बाबा, इतकी वर्षं काय करत होतास? लिब्रादोने मान खाली घातली आणि पाटी रंगवायला घेतली. ती त्याच्या आयुष्यातली सगळ्यात सुरेख पाटी झाली. तोमासाने ती पाहिली, आत गेली आणि त्या दिवशी तिने त्याला जेवायला वाढलं नाही.

आठ मेला, लढाईच्या दिवशी, गाव फुलं घेऊन माळावर गेलं. नदीपलीकडच्या, मेक्सिकोतल्या मातामोरोसहूनही लोक आले. चोना त्या गर्दीत होती. तिने पाटी वाचली. मग वळून लिब्रादोकडे पाहिलं, एकदाच. त्याला वाटलं, आता ही सगळ्यांसमोर माझी अब्रू काढणार. ती पुन्हा क्रॉसकडे वळली. पाद्रीबाबांची प्रार्थना सुरू होण्याआधीच तो तिथून सटकला, आणि त्यानंतर आठ मेला कधी माळावर गेला नाही. चोना मात्र दर वर्षी जायची, हे त्याला लोकांकडून कळायचं. मला टोचायला जाते, असंच तो धरून चालला.

मग तोमासा गेली. तिच्या नऊ दिवसांच्या प्रार्थनेला चोना रोज आली. दाराजवळच्या खुर्चीवर बसून तिने जपमाळ ओढली, शेवटच्या दिवशी स्वयंपाकघरात उभी राहून भांडी घासली आणि लिब्रादोशी एक शब्द न बोलता घरी गेली. त्या घासलेल्या भांड्यांनी मात्र म्हाताऱ्याचं काळीज हललं. त्याचा उजवा हात तोवर थरथरायला लागला होता. हा हात पुरता जायच्या आत ते नाव लिहायचं, असं त्याने ठरवलं.

फिदेन्स्योला त्याने सगळं सांगितलं. न्हाव्याने वस्तरा खाली ठेवला. मग म्हणाला, "गाढवा. आधी चोनाकडे जा. तिला विचार."

"विचारायचं काय त्यात? नाव लिहून झालं की तिला घेऊन जातो, दाखवतो."

"तिला दाखवायला जातोयस की स्वतःला?"

लिब्रादोला राग आला. क्षमा मागत दारात उभं राहायचं त्याच्या जिवावर आलं होतं. काम पुरं करून जावं, म्हणजे तोंड उघडायची वेळच येणार नाही, असा त्याचा सरळ हिशोब.

तो रणभूमीच्या कार्यालयात गेला. तिथे सालदान्या नावाची तरुण मुलगी होती, मातामोरोसच्याच घरातली. हॅट मांडीवर घेऊन त्याने सगळी हकिगत सांगितली: दुष्काळ, निवडुंग, घोडा, ओलं लाकूड. ती ऐकता ऐकता रडली. मग डोळे पुसून म्हणाली, "सेन्योर लिब्रादो, तुम्ही हे मला सांगायला नको होतं."

"का बरं?"

"इथं फक्त लढाईच्या काळातल्या वस्तू राहू शकतात. क्रॉस शिपायांचा असेल अशा समजुतीवर आम्ही तो ठेवला. आता आम्हाला माहीत झालंय. मी माहीत नाही असं म्हणू शकत नाही."

"मी फक्त नाव लिहायची परवानगी मागतोय, पोरी!"

"हो ना. ते नावच नडतंय."

तिने वरच्यांकडे पुष्कळ खटपट केली, हे तिच्याबद्दल सांगायलाच हवं. पण पुढच्या महिन्यात क्रॉस निघाला, पाटीही निघाली. सालदान्याने तो स्वच्छ चादरीत गुंडाळून स्वतः चोनाच्या घरी आणला. लिब्रादो रंगाचा डबा घेऊन मागोमाग आला.

चोनाने चादर उघडली. लाकडावरून हात फिरवला. सालदान्या गेल्यावर ती खुर्चीत बसली आणि कित्येक वर्षांनी त्याच्याशी पहिल्यांदा बोलली.

"बसा, कोम्पाद्रे. उभे काय?"

तो बसला. "कोमाद्रे, माझं चुकलं. आधीच यायला हवं होतं मी."

"हो, यायला हवं होतं." तिच्या बोलण्यात राग नव्हता, आणि तेच त्याला जास्त लागलं. "ती पाटी वाचली त्या दिवशी माझं डोकंच फिरलं होतं. म्हटलं, आता या माणसाला सोडायचं नाही, इथंच गर्दीत बोलायचं. तेवढ्यात पाद्रीबाबा म्हणाले, हॅट काढा. आणि अख्ख्या गावानं हॅट काढल्या. माझ्या आन्सेल्मोपुढं! गुराखी माणूस, जिवंतपणी त्याला मालकानं कधी 'बस' म्हटलं नाही. पलीकडून आलेल्या बायका रडत होत्या. मी मनात म्हटलं, रडा बायांनो, तो तुमचाही होऊ दे. त्यांनी फुलं वाहिली आणि मी हळूच त्याचं नाव घेतलं. दर वर्षी घेत आले. कोणाला पत्ता नाही."

लिब्रादो जमिनीकडे बघत होता.

"तुमच्यावरचा राग तिथंच संपला माझा. मागं वळून बघितलं, तर तुम्ही निघून गेलेले. पुढच्या वर्षी बघितलं, त्याच्या पुढच्या वर्षी बघितलं. तुम्ही पुन्हा आलातच नाही. आला असतात तर सांगितलं असतं, राहू दे असंच म्हणून."

"मला काय माहीत, कोमाद्रे..."

"माहीत कसं असणार? विचारलंत का?"

 

"घाला आता नाव," ती म्हणाली. "डबा आणलाय ना?"

त्याने ब्रश काढला. हात हलत होता, डाव्या हाताने उजवं मनगट धरून त्याने एकेक अक्षर काढलं. गावातला सगळ्यात चांगला पाट्या रंगवणारा, आणि 'आन्सेल्मो'ची अक्षरं अशी वाकडी उतरली की शाळेतल्या पोरानेही बरी काढली असती. चोनाने ती वाचली. छान झालीत म्हणाली. मग विचारलं, "आणि आता हा रोवू कुठं?"

"त्याच्या कबरीवर..."

"कबरीवर त्याचं नाव आहेच की. तिथं कुठं मेला तो?"

क्रॉस तिने भिंतीला टेकवून ठेवला. कॉफी केली. दोघांनी ती संपवली. तो निघाला तेव्हा ती म्हणाली, "मेमध्ये माझ्याच्यानं आता तिथं जाववणार नाही. रिकामी जागा बघवणार नाही. तुम्ही जा. त्या जागेवर उभं राहून त्याचं नाव घ्या. माझ्यासारखं मनात नको, मोठ्यानं घ्या."

"जातो, कोमाद्रे."

आठ मेला तो गेला. लोकांनी त्या वर्षी फुलं झेंड्याच्या खांबाशी वाहिली. काही जण लिब्रादोकडे बघून आपसात कुजबुजले, कारण गोष्ट आता सगळ्यांना कळली होती. त्याने कोणाकडे पाहिलं नाही. फिदेन्स्योचा हात सोडवून तो एकटाच गवतात शिरला.

क्रॉस काढल्यावर खड्डा बुजवला होता आणि हिवाळ्यात पाऊस चांगला झालेला. गवत सगळीकडे सारखं माजलं होतं. ज्या मेस्कीटला घोडा बांधला होता ते झाड कधीच गेलं होतं, डबकंही मातीने बुजलं होतं. इथे असेल म्हणून तो थांबला आणि हॅट काढून "आन्सेल्मो त्रेविन्यो" म्हणाला. मग वाटलं, छे, थोडं पुढे होतं. पुढे जाऊन पुन्हा नाव घेतलं. मग वाटलं, नाही, त्या बाजूला.

खांबापाशी जमलेले लोक बघत राहिले. म्हातारा भर उन्हात बोडक्या डोक्याने गवतातून चालत होता, चार पावलांवर थांबत होता आणि दर वेळी, आधीपेक्षा मोठ्याने, तेच एक नाव हाक मारावी तसं घेत होता.