न उघडणाऱ्या दारामागची खोली

माझ्या धाकट्या भावाला आम्ही घुम्या म्हणतो. एरवी तोंडातून ब्र काढणार नाही, पण झुरळ दिसलं की पलंगावर चढून घर डोक्यावर घ्यायचा. आणि मोठेपणी धंदा काय, तर लोकांची बोबडी वळवणारे व्हिडिओ गेम बनवायचे!

नव्या गेममध्ये एक रिकामा फ्लॅट होता. भूत नाही, रक्त नाही. नळाची टपटप, अंधारत जाणारा पॅसेज आणि टोकाला कधीच न उघडणारं दार. दारामागे कुणीतरी चपला घासत चालायचं. एवढ्यावरच माणसाला घाम फुटायचा.

गेम तीन आठवड्यांत द्यायचा होता, पण पॅसेजमध्ये पाऊल टाकलं की तो अडखळायचा. कारण शोधून शोधून घुम्याचा भागीदार मेटाकुटीला आला. या धंद्यात जे दिसणार नाही ते कुणी बनवत नाही. बंद दारामागे नुसती पोकळी असते. इथे मात्र त्याला आत अख्खी खोली सापडली, आणि तिच्याच भाराने गेम अडखळत होता.

"ताई, तुम्हीच समजवा याला," त्याने मला फोन केला. "तीन महिने चादरीच्या सुरकुत्या रेखाटत बसला होता. ती खोली काढल्याशिवाय गेम चालणार नाही, आणि हा हात लावू देत नाही."

चांगली खरडपट्टी काढायची म्हणून मी तरातरा त्यांच्या ऑफिसात गेले. घुम्याने पडद्यावर ते दार उघडून दाखवलं.

आईची खोली. शिवणयंत्रावर माझा अर्धवट फ्रॉक, खुर्चीच्या पाठीवर तिचा स्वेटर. आई गेल्यावर ते घर आम्ही महिनाभरात रिकामं केलं होतं. घाई माझीच होती. माझा राग कुठच्या कुठे गेला.

"आईला का नाही केलंस रे?"

"केली होती. दोन दिवस ठेवली," तो म्हणाला. "पण या गेममध्ये जे हलतं ते घाबरवायलाच असतं. लोक तिला बघून किंचाळले असते, ताई."

"बरं, मग खोलीची वेगळी प्रत ठेव की."

"ठेवलीय. पण गेममध्ये दाराबाहेर सतत कुणी ना कुणी खेळणारं उभं असेल. प्रतीत कोण येणार?"

"मी येईन," मी म्हणाले.

त्याने डोळे पुसले आणि खोली काढून टाकली.

प्रत आता माझ्या कॉम्प्युटरवर आहे. दुपारची कामं आटोपली की जाते. ज्या खोलीतलं सामान मी महिनाभरात हलवलं, तिथून आता माझा पाय निघत नाही.