चौथ्या प्रकाराचे उदाहरण

मालतीबाईंची पहिली भेट पेणच्या कॉलेजातली. मी रोह्याहून गाडीने येत असे. भाषाविज्ञानाच्या तासाला आम्ही चौघेच. बाईंनी विचारले, “खाडीचा बांध फुटला, हे तुम्ही कुणाला सांगाल?” कुणी तलाठ्याला म्हणाले, कुणी शेजाऱ्याला, कुणी देवाला.

“म्हणजे अर्ज, हकीकत आणि गाऱ्हाणं. घटना एकच, मजकूर तीन. कुणाला आणि कशासाठी सांगायचं, त्यावरून मजकुराचा प्रकार ठरतो.”

मजकुरांचे हे वर्गीकरण बाईंनी आयुष्यभर केले. त्यासाठी त्या टेपरेकॉर्डर घेऊन कासू गावाच्या पुढे खाडीकाठी हिंडत. पुढे मीही सोबत जाऊ लागलो. एकदा मिठागरात राबलेल्या हिराबाई बांध फुटल्याची हकीकत सांगत होत्या. त्या पाण्यात त्यांचे यजमान वाहून गेले होते. सांगता सांगता त्या थांबल्या.

“हे कुणाजवळ बोलता का कधी?” बाईंनी विचारले.

“कुनाजवल बोलू गो बाई? घरात कोन हाय? एकटीच बोलत बसते.”

बाईंनी टेप बंद केला. एकट्या असताना काय बोलतात, ते हिराबाई सांगू लागल्या. मी उठून अंगणात गेलो.

या वर्गीकरणावर लिहिलेल्या पुस्तकात बाईंनी चौथा प्रकार घातला: ऐकणारे कुणी नसताना बोललेले. बाकी प्रकारांना उदाहरणे होती, याला नव्हते. छपाईआधी हस्तलिखित तपासणाऱ्या तज्ज्ञांनी ते मागितले. बाई म्हणाल्या, “त्या माझ्याशी बोलल्या, पुस्तकाशी नाही.” पुस्तक छापले गेले नाही. हळूहळू सहकाऱ्यांचे येणेजाणेही थांबले. बाईंनी त्याबद्दल कधी तक्रार केली नाही. हिराबाई होत्या तोवर मात्र त्यांच्याकडे जाणे चुकवले नाही.

माझे वडील गेले तेव्हा बाई रोह्याला आल्या. सांत्वनाचे एक वाक्यही न बोलता दुपारभर आईजवळ बसल्या. चार दिवस गप्प असलेली आई त्या दुपारी बोलली.

आज बाई पंच्याहत्तर वर्षांच्या झाल्या. घरी एकट्याच असतात. संध्याकाळी कधी त्यांचा फोन येतो. “काही नाही, सहज केला,” म्हणतात. आवाज घोगरा असतो. दिवसभरात तो पहिल्यांदाच वापरलेला आहे, हे कळते. मग फोन ठेवायची घाई दोघांनाही नसते.

बाईंना निरोगी, उदंड आयुष्य लाभो, ही आपणा सर्वांचीच इच्छा. माझी एक विनंती आहे. पेणला उतरलात, तर त्यांच्याकडे जावे. काही काम नसले तरी जावे, आणि लवकर उठू नये.